एकांड्याचं खानदान

पारा आठ महिन्यांचा झाला आणि एका सकाळी त्यानं अंगणातल्या कढीपत्त्याच्या झाडापाशी मागचा पाय वर केला. तोवर तो पिल्लासारखा खाली बसूनच मुतायचा. रूपाली ओट्यावर चहा पीत होती, तिला हसूच आलं. त्यानंतर दोनच दिवसांनी तो सकाळी जो गेला तो दुपारी परतला. कान फाटलेला, जीभ लोंबलेली, आणि तोरा मात्र लढाई जिंकून आल्यासारखा.

"वयात आला," तिचे वडील तातेराव म्हणाले. "आता घरी थांबायचा न्हाई."

"वयात आला म्हणजे आत नेमकं काय झालं असंल, बाबा?"

तातेरावांनी तीस वर्षं शाळेत शिपाई म्हणून काढली होती. मुलींनी विचारलेल्या अवघड प्रश्नांना त्यांच्याकडं एकच उत्तर असायचं. ते उठले आणि बादली घेऊन नळावर गेले.

रूपालीचा स्वभावच तसा होता. ती वडीगोद्रीत राहायची आणि एका बियाणे कंपनीसाठी आसपासच्या गावांतले कपाशीचे प्लॉट तपासायची. नराच्या ओळी, मादीच्या ओळी, क्रॉसिंगला, म्हणजे नराचा पराग मादीच्या फुलांना लावायला, येणाऱ्या बाया, हेच तिचं रोजचं जग. मादीच्या ओळीत एखादं झाड वेगळं दिसलं, पान जरा जास्त कातरलेलं, फुलाचा रंग जरा उजळ, की ती ते उपटायला लावायची. भेसळ म्हणतात त्याला. बाकीच्या सुपरवायझरांचं काम झाड उपटलं की संपायचं. रूपाली घरी येऊन विचार करत बसायची, हे आलं कुठून.

त्याच आठवड्यात अंतरवाली सराटीहून भागवत आला. पस्तिशीचा, सोयाबीन-कपाशीवाला शेतकरी, कुत्र्यांचा भारी शौकीन. त्याच्याकडं कारवानी जातीची कुत्री होती, मोटी नाव. आणि पारा म्हणजे अस्सल कारवानी नर. वाळूच्या रंगाचा, लांब पायांचा, कंबर मुठीत मावेल अशी. भागवतनं पाऱ्याभोवती दोन फेऱ्या मारल्या.

"ताई, माझी मोटी माजावर येऊन राह्यली. आठ-दहा दिवसांत जोड लावू. होतील त्यातली पहिली दोन पिल्लं तुम्ही निवडायची."

"अहो, आठ महिन्यांचा हाय तो."

"मंग? पाय वर करतो ना? झालं की."

तातेरावांना हरकत वाटली नाही. रूपालीनं मात्र विचारून सांगते म्हणून त्याला वाटेला लावलं. कुणाला विचारायचं हे तिला ठाऊक होतं. पारा तिला ज्यांनी दिला होता ते लालमियाँ.

लालमियाँचं हायवेला पंक्चरचं दुकान होतं आणि दुकानामागं घर. चाळीस वर्षं त्यांनी कारवानी कुत्री पाळली होती. त्यांच्या शहाबाज या नराचं नाव गेवराईपर्यंत लोक घ्यायचे. वय चौसष्ट, दाढी पांढरी, बोलणं अर्धं मराठी, अर्धं घरचं.

"आठ महिने?" लालमियाँनी टायरमधली ट्यूब ओढता ओढता मान हलवली. "बिलकुल न्हाई, बेटा. दोन साल. आमचे अब्बा दोन सालाच्या आत नराला मादीपाशी जाऊ द्यायचे न्हाईत."

"का पण, चाचा?"

"का म्हणजे? रिवाज हाय."

"रिवाज बराबर हाय. पण त्याला कारण असंल ना काही?"

लालमियाँनी ट्यूब पाण्यात बुडवली आणि बुडबुडे कुठून येतात ते बघत राहिले. "कारण अब्बांना ठाऊक. मी विचारलंच न्हाई कधी."

त्यामुळं रूपालीला चैनच पडेना. शनिवारी तिनं बापाला आणि पाऱ्याला एका ओळखीच्या टेम्पोत घातलं आणि अंबडला डॉक्टर अलमास यांच्याकडं नेलं. या डॉक्टरबाई गुरांच्या डॉक्टर म्हणून नावाजलेल्या, पण कुत्र्यामांजरांनाही बघायच्या. त्यांना प्रश्न विचारणारी माणसं आवडायची, हे रूपालीला लगेच कळलं.

"आठव्या महिन्यात बीज तयार व्हायला लागतं," त्या म्हणाल्या. "पण थोडं आणि कच्चं. मादी गाभण राहू शकते, नाही असं नाही. पण अशा उंच जातीच्या कुत्र्याची हाडं, छाती, सगळी वाढ दीड-दोन वर्षं चालू असते. स्वभावही तोवर ठरत नाही. कुणाचा सांधा दुखरा निघतो, कुणाचं हृदय कमजोर, कुणी उगाच चावरा होतो. हे सगळं दिसायला वेळ लागतो. त्याआधी जोड लावली तर तुम्ही काय पुढं पाठवताय ते तुम्हालाच माहीत नसतं."

"म्हणजे दोन वर्षं थांबायचं ते त्याच्यासाठी न्हाई. आपल्याला कळावं म्हणून."

"दोन्हीसाठी. चला, बघू याला."

पारा टेबलावर उभा राहिला. तातेरावांनी गळा धरला. डॉक्टरांनी दात पाहिले, छातीला नळी लावली, मागचे पाय वाकवून पाहिले. मग मागून हात घालून चाचपलं. पुन्हा चाचपलं. तातेरावांनी भिंतीवरच्या जंताच्या औषधाचं पोस्टर वाचायला घेतलं.

"एकच आहे," डॉक्टर म्हणाल्या.

"काय एक?"

"अंड. एकच खाली आलंय. दुसरं पोटात राहिलंय."

रूपालीनं रोज त्याला घासून आंघोळ घातली होती, पण तिच्या हे कधी लक्षात आलं नव्हतं. तिला त्याचं वाईट वाटायच्या आधी नवलच वाटलं. "येईल का खाली अजून?"

"दोन महिन्यांच्या पिल्लाची दोन्ही हाताला लागायला हवीत. फार तर सहा महिने वाट बघायची. आता नाही येणार." डॉक्टरांनी हात धुतले. "दोन गोष्टी आहेत. पोटात राहिलेल्यात पुढं गाठ व्हायची भीती फार असते, म्हणून ऑपरेशन करून दोन्ही काढून टाकायची. आणि दुसरं, याची जोड कधीच लावायची नाही. हा दोष रक्तातून उतरतो."

"पण एक असलं तरी पिल्लं होत असतील?"

"होतात, आणि पंचाईत तिथंच आहे. होत नसती तर दोष त्याच्याबरोबर संपला असता."

परतीच्या वाटेवर टेम्पोतून शहागडचा फाटा दिसला तेव्हा तातेराव म्हणाले, "लालमियाँला सांगू नको. लई लागंल त्याला."

रूपालीच्या डोक्यात भेसळीचं झाड होतं. ते आलं कुठून?

दुसऱ्या दिवशी ती दुकानात गेली आणि सरळ सांगून टाकलं. लालमियाँच्या हातातला पाना खाली आला.

"माझ्या शहाबाजच्या अवलादीत खोट? कोण म्हणतं?"

"खोट न्हाई म्हणत मी, चाचा. मला बघायचंय फक्त."

"मंग ये. बघ."

ते तिला हाताला धरल्यासारखे मागं घेऊन गेले. शहाबाज बाजेखाली पसरला होता. लालमियाँनी त्याला उभं केलं आणि एखादं प्रमाणपत्र दाखवावं तसं शेपूट बाजूला करून दाखवलं. दोन्ही होती, अगदी बरोबर.

"झालं समाधान?"

"बापाचं झालं," रूपाली म्हणाली. "पण डॉक्टर म्हणल्या, आईकडूनबी येतं. आईमध्ये दिसत न्हाई, कारण तिला दिसायला काही जागाच न्हाई. दोघांकडून आलं तर पिल्लात निघतं. चाचा, पाऱ्याचे भाऊ कुठं कुठं हायत?"

लालमियाँची लैला नावाची कुत्री डिसेंबरात व्याली होती. सहा पिल्लं, चार नर आणि दोन माद्या. एक नर पावसाळ्याआधी गाडीखाली गेला होता. एक बद्रीनाथ नावाच्या मेंढपाळाकडं होता, एक अंतरवालीच्या चौकातल्या चहावाल्याकडं.

"चल," लालमियाँ म्हणाले. "आत्ताच चल. एकदा तुझ्या डॉक्टरणीला कळू दे."

हाताखालच्या पोरानं दुकान सांभाळलं आणि हे दोघं रूपालीच्या स्कूटीवर निघाले. बद्रीनाथचा कळप कॅनॉलच्या कडेला होता. पाहुणे कुत्र्याचं काय बघायला आलेत हे कळल्यावर तो आधी चक्रावला, मग इतका हसला की खाली बसला. पण त्यानं कुत्रा धरून ठेवला. लालमियाँनी स्वतः हात घातला.

"दोन!" ते ओरडले. मेंढ्या दचकल्या. "बघ, दोन! बराबर मोजून घे."

रूपालीनंही पाहिलं. दोनच होती. लालमियाँनी बद्रीनाथला मिठी मारायचीच बाकी ठेवली. अंतरवालीपर्यंतच्या रस्त्यानं ते मागं बसून शहाबाजच्या बापाच्या, आज्याच्या गोष्टी सांगत होते, कोणत्या कुत्र्यानं किती रानडुकरं हुसकली आणि कोण एका दमात शहागडापर्यंत जीपबरोबर धावलं.

चौकातला कुत्रा चहाच्या टपरीखाली झोपला होता. चहावाल्यानं काही न विचारता त्याला पाव दाखवून उभं केलं. लालमियाँ खाली बसले. हात घातला. बोटं थांबली, जरा पुढं सरकली, पुन्हा मागं आली. मग त्यांनी रूपालीकडं पाहिलं आणि बाजूला झाले.

एकच होतं.

दोघांनी चहा सांगितला. लालमियाँचा तसाच राहिला. परतीच्या वाटेवर, वडीगोद्री चार-पाच किलोमीटरवर असताना, त्यांनी गाडी थांबवायला सांगितली. बाभळीखाली उभे राहून रुमालानं तोंड पुसलं.

"शहाबाजचा आजा," ते म्हणाले. "तो मी बीडकडून आणला होता. त्याच्यासारखा कुत्रा मी पुन्हा पाह्यला न्हाई. त्याला लोक काय म्हणायचे ठाऊक हाय? एकांड्या."

"एकांड्या?"

"हां. मला वाटायचं एकटा फिरतो म्हणून. दुसऱ्या कुत्र्यांत मिसळत नसे. ज्यानं मला दिला तो धनगर हे नाव घेऊन हसायचा. मीबी हसायचो. मराठी माझी दुकानातली, बेटा. मला शब्द पुरा कळलाच न्हाई."

रूपालीला शब्द फोडायला क्षणभर लागला, एक-अंड्या. मग कळलं, आणि तिलाही हसू यायला लागलं, पण लालमियाँचा चेहरा बघून तिनं ते गिळलं.

"चाचा, तो लैलाचा कोण?"

"तिचाबी आजाच. तिची माय आणि शहाबाजचा बाप, एकाच वेतातले." ते हळू बोलत होते, जणू स्वतःलाच सांगत होते. "लोक बाहेरचं रक्त मिसळतात, त्यानं जात बिघडते असं वाटायचं मला. घरचं घरात ठेवलं. खानदान साफ राहावं म्हणून."

रूपालीच्या कामात हे रोजचंच होतं. बी शुद्ध करायचं तर घरातलं घरात वाढवायचं, पिढ्यान् पिढ्या. पण त्या वाटेनं जाताना लपलेलं वाईटही वर येतं आणि दर हंगामाला ते उपटत राहावं लागतं. लालमियाँनी शुद्ध ठेवलं होतं. उपटलं मात्र काहीच नव्हतं, कारण काय शोधायचं ते कुणी सांगितलं नव्हतं. हे तिनं त्यांना जमेल तसं सांगितलं. ते ऐकत होते.

"आणि भागवतची मोटी?" तिनं विचारलं.

लालमियाँनी डोळे मिटले. "लैलाची सख्खी बहीण. मीच दिली होती."

मंगळवारी सकाळी भागवत मोटीला घेऊन दारात हजर झाला. टेम्पो थांबायच्या आतच पारा साखळीला हिसके द्यायला लागला. एरवी सांगितलेलं ऐकणारा कुत्रा, पण आता त्याला रूपालीचा आवाज ऐकूच येत नव्हता. नाक वर, कातडी थरथरत, आणि घशातून एक बारीक, वेडावल्यासारखा आवाज. तिनं त्याला खोलीत कोंडलं. आत तो दार खरवडत राहिला.

"ताई, बघा, तोच म्हणून राह्यला सोडा म्हणून," भागवत हसत म्हणाला.

तिनं सगळं समजावून सांगितलं. भागवतचं हसू गेलं.

"एक का होईना, हाय ना? पिल्लं होतात ना?"

"होतात. म्हणूनच न्हाई."

"टेम्पो करून आलो मी. तुमचं आपलं काहीतरी पुस्तकातलं." तो तातेरावांकडं वळला. "काका, तुम्ही तरी सांगा हिला."

तातेराव काही म्हणणार एवढ्यात फाटकातून लालमियाँ आत आले. रूपालीनं त्यांना बोलावलं नव्हतं. टेम्पो दुकानावरून जाताना त्यांनी मोटीला ओळखलं होतं.

"पुस्तकातलं न्हाई, भागवत," ते म्हणाले. "माझ्या घरातलं हाय. हा दोष शहाबाजच्या खानदानात हाय आणि तुझी मोटी त्याच खानदानाची. मी तुला दिली तेव्हा मला ठाऊक नव्हतं. आता ठाऊक झालंय."

शेजारपाजारची चार माणसं जमली होती. त्यांच्या देखत हे बोलणं सोपं नव्हतं. त्यांतल्या दोघांच्या घरी शहाबाजची पिल्लं होती.

"म्हणजे शहाबाज..." भागवत अडखळला.

"शहाबाज आता बंद. लैलाबी बंद. माझ्या दारातून आता पिल्लू जाणार न्हाई."

भागवत मोटीला टेम्पोत चढवून निघून गेला. तो रागावला होता की बावरला होता, रूपालीला कळलं नाही. पुढं महिनाभरानं तोच लालमियाँच्या दुकानात आला आणि मोटीचं ऑपरेशन कुठं करतात ते विचारून गेला. अधेमधे काय झालं ते त्यानं कुणाला सांगितलं नाही.

पाऱ्याचं ऑपरेशन जालन्याला झालं, डॉक्टर अलमास यांच्या ओळखीच्या एका दवाखान्यात. त्या स्वतः हजर होत्या. रूपालीनं आधीच सांगून ठेवलं होतं, काढलेलं मला बघायचं. तातेराव बाहेर बाकावर बसून राहिले. तिला आत बोलावलं तेव्हा स्टीलच्या ट्रेमध्ये दोन्ही शेजारी ठेवलेली होती. एक मोठ्या सुपारीएवढं, घट्ट, मोत्यासारखं करडं. दुसरं शेंगदाण्याएवढं आणि मऊ.

"एवढंसं का राहिलं?"

"पोटात ऊब जास्त. बीज व्हायला अंगापेक्षा दोन-तीन अंश थंडावा लागतो. म्हणून तर निसर्गानं बाहेर पिशवी दिली."

"आमचं बियाण्याचं गोदाम थंड ठेवतात तसं?"

डॉक्टर हसल्या. "जवळजवळ तसंच. तुझ्या पद्धतीनं शिकवलं असतं तर आम्हाला कॉलेजात लवकर कळलं असतं."

पारा पाच-सहा दिवस गळ्यात प्लास्टिकचा शंकू घालून भिंतींना धडकत फिरला. महिना-दीड महिन्यानं त्याचं भटकणं कमी झालं. धावणं मात्र तेवढंच राहिलं. कॅनॉलच्या रस्त्यानं तो स्कूटीच्या पुढं पळायचा आणि वळणावर थांबून मागं बघायचा.

पण रूपालीचं मन अजून एका ठिकाणी अडकलं होतं. दोन बहिणी. पाऱ्याच्याच वेतातल्या, ज्यांच्यात बघायला काहीच नव्हतं. तिनं डॉक्टरांना फोन करून विचारलं, त्यांची काही तपासणी असते का? नसते, असं उत्तर आलं. रक्त तपासून हे कळत नाही. त्या निर्दोष असू शकतात, किंवा पुढच्या दहा पिढ्यांचं ओझं त्यांच्याकडं असू शकतं. पिल्लं झाल्यावरच कळणार, आणि तेही नरांत.

एक बहीण गावातच इजहारकडं होती, त्यानं ऐकून घेतलं आणि बघू म्हणाला. दुसरी चांगुणाबाईंकडं. त्यांची वस्ती गावापासून आत, मोसंबीच्या बागेपलीकडं. रविवारी रूपाली आणि लालमियाँ तिकडं गेले. चांगुणाबाई सत्तरीच्या, एकट्या राहणाऱ्या. कुत्रीचं नाव त्यांनी गंगी ठेवलं होतं.

गंगी पुढं आली आणि लालमियाँ जागच्या जागी थांबले. खोल छाती, सरळ पाय, मान अशी की चित्रातली. ती भुंकली नाही. परक्यांच्या आणि चांगुणाबाईंच्या मधोमध येऊन फक्त उभी राहिली.

"शहाबाजपेक्षा चांगली," लालमियाँ पुटपुटले. "चाळीस सालांत अशी निघाली न्हाई."

"परत न्यायला आलात का?" चांगुणाबाईंनी विचारलं.

"न्हाई, न्हाई." रूपालीनं पुन्हा सगळं सांगितलं. आता तिला ते सांगायची सवय झाली होती. चांगुणाबाईंनी मध्ये एकदाही अडवलं नाही. शेवटी म्हणाल्या, "मंग हिच्यात हाय का न्हाई ते कसं कळायचं?"

"न्हाई कळायचं, आजी."

"आणि नुसत्या शंकेवरनं हिला पिल्लं होऊ द्यायची न्हाईत?"

रूपालीनं लालमियाँकडं पाहिलं. ते गंगीसमोर उकिडवे बसले होते आणि ती त्यांचा हात हुंगत होती.

"अम्मा, मी जबरदस्ती न्हाई करणार," ते म्हणाले. "चांगली दिसते म्हणून मी चाळीस साल पिल्लं घेत गेलो. आता हिच्यासारखी दुसरी न्हाई, हेबी मलाच दिसतंय. तरी सांगायला आलो. एवढंच माझ्या हातात हाय."

चांगुणाबाईंनी एक वेगळाच प्रश्न विचारला. "तुम्ही आता काय करणार? कुत्री सोडणार?"

"न्हाई. सोलापूरकडं एकजण हाय, त्याच्याकडचं रक्त माझ्याशी जुळत न्हाई. त्याच्याकडून एक नर आणणार. दुसरीकडून मादी. दोघांची रक्ततपासणी करणार, जोडीतून लागणारे रोगबी असतात म्हणे. वाढ पुरी होईतो थांबणार. आणि ही बेटा हाय," त्यांनी रूपालीकडं बोट केलं, "ती दर महिन्याला येऊन शंभर सवाल विचारणार."

"विचारणारच," रूपाली म्हणाली.

"मला राखणीला कुत्री पाहिजे," चांगुणाबाई म्हणाल्या. "पिल्लांचं मी काय करू? मला तर आताच वाकवत न्हाई. न्या हिला, करून आणा ते आपरेशन. पण दिवस मावळायच्या आत घरी आणून सोडायची. आणि मी संगं येणार. ही परक्याबरोबर गाडीत बसायची न्हाई."

त्यांनी दाराला कडी लावली आणि लुगड्याचा पदर खोचला. लालमियाँ म्हणाले, आज नाही अम्मा, डॉक्टरणीला आधी विचारावं लागतं, बुधवारी गाडी घेऊन येतो. चांगुणाबाईंनी जरा नाराजीनं कडी पुन्हा काढली. मग, आलाच आहात तर मोसंबी खाऊन जा म्हणाल्या, आणि सुरी आणायला आत गेल्या.